कोपीला कडबा कुठून आणायचा?

वेळा अमावस्येला शेतात कोप, म्हणजे छोटी खोप, करायची तर कडब्याच्या पाच पेंढ्या लागतात. शेंडे एकत्र बांधायचे, बुडखे गोल पसरायचे, वरून शाल किंवा कोरं कापड पांघरायचं आणि आत चुना लावलेले पाच दगड मांडायचे. हे पांडव. त्यांना आंबील, भज्जी, उंडे, खीर असा नैवेद्य दाखवायचा आणि 'ओलगे ओलगे सालम पोलगे' म्हणत उभ्या पिकावर आंबील शिंपडायची. मार्गशीर्ष अमावस्येला लातूर आणि धाराशिव जिल्ह्यांत स्थानिक सुट्टी असते. दुपारी शहरातले रस्ते ओस पडतात, सगळा मुलूख शेतात जेवतो. गावाकडे या सणाला येळवस म्हणतात.

अलीकडे बऱ्याच शिवारांत ही कोप उसाच्या वाढ्यांची असते, नाहीतर चार काठ्यांवर साडी टाकलेली असते. शेजारच्या गावाहून दहा पेंढ्या विकत आणणारेही आहेत. श्रद्धा कमी झालेली नाही, उलट गर्दी दरवर्षी वाढतेच आहे. शिवारात कडबा नाही, एवढंच. कडबा नाही कारण ज्वारी नाही. जिथे ज्वारी असायची तिथे पावसाळ्यात सोयाबीन होतं आणि आता हरभरा उभा आहे.

लातूर-धाराशिवची ओळख कशी बदलली असं विचारलं की लोक तीन गोष्टी सांगतात : किल्लारीचा भूकंप, शिकवणीचा लातूर पॅटर्न आणि 2016 मध्ये मिरजेहून आलेली पाण्याची रेल्वे. तिन्ही खऱ्या आहेत. पण मला त्यांच्याइतकाच मोठा बदल शेतातल्या धाटाचा वाटतो. सहा-सात फूट उंचीचं ज्वारीचं धाट या मुलखाचं धान्य, वैरण, बैल, खत, भाकरी आणि सण एकत्र बांधून होतं. ते शिवारातून निघालं आणि त्याच्याभोवती बांधलेलं एकेक सुटत गेलं. कसं सुटलं हे समजून घ्यायचं तर आधी ज्वारीचं गणित बघावं लागतं.

रब्बी ज्वारी, म्हणजे शाळू, ही ओलीवर येणारी. 15 सप्टेंबर ते 15 ऑक्टोबर या महिन्यात, उत्तरा-हस्ताच्या पावसावर पेरायची. एकरी 4 किलो बियाणं, दोन ओळींत 45 सेंटिमीटर, दोन रोपांत 15. काणी रोग येऊ नये म्हणून किलोला 4 ग्रॅम गंधक चोळायचं. पेरा लांबला की खोडमाशी पोंगा (मधला कोवळा कोंब) खाते आणि लवकर केला तर पावसात तण माजतं, म्हणून तो महिना महत्त्वाचा. त्यानंतर पिकाला पाऊस मिळेलच असं नाही. जमिनीत जी ओल आहे तीवर चार महिने काढायचे. त्यासाठी कोळपणी, म्हणजे पिकाच्या ओळींमधली माती हलवणं. पहिली तिसऱ्या आठवड्यात फटीच्या कोळप्याने, दुसरी पाचव्या आठवड्यात पासेच्या कोळप्याने, तिसरी आठव्या आठवड्यात दातेरी कोळप्याने. तिसरीचं काम तणाचं कमी आणि भेगांचं जास्त. काळी जमीन वाळताना तडकते, भेगेतून ओल उडून जाते. दातेरी कोळपं वरची माती मोकळी करून भेगा बुजवतं. ही कोळपणी चुकली आणि दाणा भरताना जमीन कोरडी पडली की खडखड्या येतो. धाट आतून पोकळ होतं, बुडाशी काळं पडतं आणि वाऱ्याच्या एका झोतात झोपतं.

कोरडवाहू चांगल्या जमिनीत एकरी 5 ते 7 क्विंटल दाणे आणि त्याच्या अडीच-तीन पट कडबा, म्हणजे 15 ते 18 क्विंटल. एका बैलाला दिवसाला 6-7 किलो कोरडी वैरण धरली तर जोडीला वर्षाला 45 ते 50 क्विंटल लागते. पावसाळ्यातलं बांधावरचं गवत वजा केलं तरी एका जोडीमागे दोन-अडीच एकर ज्वारी आलीच. हाच हिशेब उलटाही चालायचा. कोळपणीला, पेरणीला, शेणखत टाकायला जोडी लागते म्हणून ज्वारी, आणि ज्वारी आहे म्हणून जोडी. कुटुंबाचं पोट त्याच दोन-अडीच एकरांतल्या 12-15 क्विंटल दाण्यांवर भरायचं. बाजारात काय भाव आहे याच्याशी या वर्तुळाचा संबंध फार थोडा. विकायची ती तूर, करडई, थोडा हरभरा.

काढणीचं काम सगळ्यात जड. रब्बी ज्वारी कापत नाहीत, मुळासकट उपटतात. कडक झालेल्या काळ्या मातीतून धाट उपटताना तळहाताची सालटी निघतात. उपटलेलं धाट आडवं टाकून वाळवायचं, कणसं मोडायची, मग पेंढ्या बांधायच्या. मजुरी पूर्वी धान्यात असायची आणि पेंढ्यांवर मोजली जायची. कडबा शेकड्यावर विकला जायचा, अजूनही शेकड्यावरच विकला जातो. मळणी झाली की खळ्यावर रास आणि बांधावर कडब्याची बनीम, म्हणजे गंजी. बुडखे बाहेर, शेंडे आत, वर उतार. नीट रचलेली बनीम पावसात भिजली तरी वरच्या दोन थरांपलीकडे पाणी जात नाही.

दाणे ठेवायची जागा घरातच होती. भिंतीच्या आतलं बळद, बांबूच्या कणग्या आणि ज्यांच्याकडे जास्त पिकायचं त्यांची जमिनीखालची पेवं. मराठवाड्यात शेताच्या जमिनीला काळी म्हणतात आणि गाव वसलेल्या जमिनीला पांढरी. पेव पांढरीत काढायचं, कारण काळी पाणी धरते. तोंड माणूस जेमतेम उतरेल एवढं, पोट मोठं. तळाला आणि कडेला भुसकट-कडब्याचं अस्तर, मग ज्वारी, वर पुन्हा अस्तर, शेवटी फरशी आणि माती. आतला प्राणवायू दाणे आणि किडेच संपवतात, मग किडे मरतात आणि ज्वारी वर्षानुवर्षं टिकते. दुष्काळाच्या मुलखाने काढलेली ही युक्ती होती. तिचा धोकाही तिच्यातच होता. उघडल्यावर लगेच आत उतरलेला माणूस वर येत नसे. म्हणून पेव उघडून बराच वेळ मोकळं ठेवायचं, मग दिवा सोडून बघायचा. दिवा विझला तर उतरायचं नाही.

30 सप्टेंबर 1993 च्या पहाटे किल्लारी-सास्तूर परिसरात जे झालं त्याने ही घरंच संपवली. दगड-मातीच्या जाड भिंती, लाकडी खांब आणि वर मातीचं माळवद. गळती थांबावी म्हणून दरवर्षी वर नवी माती पडायची, त्यामुळे छताचं ओझं पिढ्यान्‌पिढ्या वाढत गेलं होतं. त्या ओझ्याखाली हजारो माणसं गेली. पुनर्वसनात 52 गावं नव्या जागी वसवली. रुंद सरळ रस्ते, चौकोनी प्लॉट, भूकंपाला टिकणारी घरं. अशी घरं हवीच होती, याबद्दल दुमत असायचं कारण नाही. पण ती राहणाऱ्या माणसांच्या मापाची होती. बळद नाही, पेव नाही, दारात गोठा आणि बनीम उभी करायला जागा अपुरी, शेत पूर्वीपेक्षा लांब. ज्या घरात वर्षाची ज्वारी ठेवता येत नाही त्या घराला ज्वारी विकून पीठ विकत आणणं सोपं पडतं. पीक बदलायला इतर कारणं पुष्कळ होती. या गावांत घराच्या नकाशानेही त्याला हात दिला.

ती इतर कारणं रडण्यासारखी नाहीत, व्यवहाराची आहेत. 1964 मध्ये सीएसएच-1 हा ज्वारीचा पहिला संकरित वाण आला आणि खेड्यात ज्वारीला 'हायब्रीड' हेच नाव पडलं. हायब्रीड खरिपात यायची, भरपूर पिकायची, धाट आखूड. पण दाणा भरताना पावसात सापडली की काळी पडायची. काळ्या ज्वारीची भाकरी कळकट होते, थापताना तुटते आणि बाजारात तिला निम्मा भावही मिळत नाही. रेशनवर गहू-तांदूळ स्वस्तात मिळू लागले तेव्हा काळी पडलेली हायब्रीड खायची सक्ती उरली नाही. 1986 मध्ये केंद्राचं तेलबिया अभियान सुरू झालं, तेलगिरण्या उभ्या राहिल्या. 1994 मध्ये जबलपूरच्या कृषी विद्यापीठाचा जेएस-335 हा सोयाबीनचा वाण आला आणि त्याने मराठवाडा-विदर्भाची खरीप जमीन एका पिढीत व्यापली. 95 ते 100 दिवसांत रान मोकळं, मागे हरभरा घेता येतो. पाखरं खात नाहीत. उपटायचं नाही, कापायचं. दाणा घरात ठेवायचा नाही, सरळ मोंढ्यावर, म्हणजे धान्यबाजारात न्यायचा. रोख पैसा दसरा-दिवाळीला हातात. त्या पैशावर मुलांची लातुरातल्या शिकवणीची फी भरली गेली, मुली होस्टेलवर राहून शिकल्या. सोयाबीनने या मुलखाला जे दिलं ते लहान नाही, आणि हे सांगितल्याशिवाय पुढचं बोलणं अप्रामाणिक ठरेल.

पण ज्वारीची अडचण शेतकऱ्याला तोंडपाठ होती, सोयाबीनची अजून दरवर्षी नवी असते. सुरुवात बियाण्यापासून होते. सोयाबीनच्या दाण्याचं साल कांद्याच्या पापुद्र्यासारखं पातळ असतं आणि अंकुर त्या सालीच्या लगेच खाली. पोतं उंचावरून आपटलं तरी उगवण मरते. ज्वारी दगडावर आपटून मळायची, तिला काही होत नसे. तीच सवय हाताला असल्यामुळे घरचं बियाणं वाया जायचं प्रमाण फार मोठं आहे. बियाण्यासाठी मळणी करायची तर दाण्यातला ओलावा 13-14 टक्के असताना, आणि यंत्राच्या ड्रमचे फेरे मिनिटाला 300 ते 400 च्या आत. मजुरीने येणारं मळणीयंत्र एकराच्या हिशेबाने पैसे घेतं, त्याला घाई असते, फेरे दुप्पट असतात. दाणा दिसायला अखंड, आत मेलेला. म्हणून बियाण्याच्या राशीपुरतं यंत्रवाल्याला वेगळं सांगून, समोर उभं राहून फेरे कमी करून घ्यावे लागतात, थोडे जास्त पैसे मोजावे लागले तरी. मळलेलं बियाणं ताडपत्रीवर उन्हात पातळ पसरून ओलावा 9-10 टक्क्यांवर आणायचा. प्लॅस्टिकच्या पोत्यात भरायचं नाही, ज्यूटच्या पोत्यात भरायचं. खाली लाकडी फळ्या, भिंतीपासून हातभर लांब, चार-पाच पोत्यांपेक्षा उंच थप्पी नको. उंच थप्पीत सगळ्यात खालचं पोतं वजनाने दबतं आणि नेमकं तेच पेरायला निघतं.

मे महिन्यात उगवण तपासायची. गोणपाट भिजवून त्यावर 100 दाणे दहा-दहाच्या ओळीत मांडायचे, गुंडाळी करून सावलीत ठेवायची, ओलसर राहू द्यायची. सहा-सात दिवसांनी मोजायचे. 70 च्या वर आले तर एकरी 30 किलो पुरे. 60-65 आले तर त्या प्रमाणात वाढवायचं, त्याच्याही खाली असतील तर ते बियाणं तेलाला. 2020 च्या खरिपात मराठवाड्यात सोयाबीन न उगवल्याच्या तक्रारींचा ढीग पडला होता. तेव्हा ज्यांनी गोणपाटावर शंभर दाणे मोजले होते त्यांना दुबार पेरणीचा फटका कमी बसला.

पेरणी 75 ते 100 मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय नाही. इथेही जुनी आणि नवी सवय भांडतात. मृगाचा पहिला पाऊस पडला की तिफण धरायची ही शेकडो वर्षांची रीत आणि ज्वारी-बाजरी-मुगाला ती चालूनही जायची, कारण त्यांचं बी थोडक्या ओलीत वाट बघतं. सोयाबीनचा दाणा ओल लागली की फुगतो आणि दोन दिवस पाणी तुटलं की कुजतो. खोली 3-4 सेंटिमीटर. ट्रॅक्टरच्या पेरणीयंत्राचे फण भुसभुशीत रानात सहज सात-आठ सेंटिमीटर खाली जातात, वर एक जोराचा पाऊस आला की पापुद्रा धरतो आणि कोंब मातीखाली वाकडा होऊन मरतो. बैलाच्या तिफणीमागे चालणाऱ्या बाईला मुठीतलं बी आणि पायाखालची माती दोन्ही कळायचं. ट्रॅक्टरवर बसलेल्याला ते कळत नाही. म्हणून दर दोन-चार फेऱ्यांनी उतरून बोटाने माती उकरून खोली बघणं हे काम कोणाकडे तरी द्यावंच लागतं. रुंद वरंबा-सरी पद्धतीने पेरलं तर जास्त पावसात सरीतून पाणी निघून जातं आणि खंड पडला तर वरंब्यात ओल टिकते. या मुलखाच्या लहरी पावसाला ही पद्धत मला सगळ्यात योग्य वाटते.

जुन्या खरिपाच्या ज्वारीत मध्येच तुरीची ओळ असायची, कडेला अंबाडी, कारळ, भगर, बांधाला घेवडा. येळवशीच्या भज्जीत पडणारे सगळे दाणे त्या एका रानातून यायचे. सोयाबीन पेरल्यावर 15-20 दिवसांनी मारायचं तणनाशक रुंद पानांचं आणि गवतवर्गाचं असं दोन्ही तण जाळतं. सोयाबीन आणि तूर त्यातून वाचतात. ज्वारी हीही गवताच्याच कुळातली, ती वाचत नाही, अंबाडीही नाही. एका फवारणीने वीस-पंचवीस दिवसांची खुरपणी वाचते आणि मिश्र पिकाचा विषय त्या शेतात कायमचा मिटतो. खुरपायला बाया मिळत नाहीत तिथे शेतकऱ्याने दुसरं काय करावं, याला माझ्याकडे सोपं उत्तर नाही.

मग ऑगस्टचा खंड. ज्वारी पानं गुंडाळून उभी राहते, पाऊस आला की उघडते. सोयाबीन फुलात-शेंगेत असताना तीन आठवडे कोरडे गेले की फुलं गळतात, राहिलेल्या शेंगांत दाणा ज्वारीएवढा भरतो. 2023 चा ऑगस्ट देशात 1901 पासूनच्या नोंदींतला सगळ्यात कोरडा होता. त्याच वर्षी पांढरी माशी वाढली आणि पिवळा मोझॅक पसरला, उभी रानं हळदीसारखी पिवळी पडली. सप्टेंबर 2025 मध्ये उलटं झालं. धाराशिव-लातूरच्या शिवारांत काढणीला आलेलं सोयाबीन पाण्याखाली गेलं, शेंगेतच कोंब आले. पाण्यात उभं राहिलेलं सोयाबीन कापलं तरी दाणा डागी निघतो. एकाच वाणाचं एकच पीक सगळ्या शिवारात एकाच आठवड्यात काढणीला येत असेल तर नुकसानही सगळ्यांचं एकाच आठवड्यात होतं. पूर्वी मूग-उडीद गेला तर ज्वारी असायची, खरीप गेलं तर शाळू असायचा.

बनीम हा शब्द मात्र टिकला आहे. कापलेलं सोयाबीन मळणीपर्यंत रचून ठेवतात, त्यालाही बनीमच म्हणतात. कडब्याची बनीम म्हणजे वर्षाची वैरण निर्धास्त. सोयाबीनची बनीम म्हणजे हंगामाचं सगळं उत्पन्न उघड्यावर, ताडपत्रीखाली. आतून ओली राहिली तर तापते, हात घातला तर चटका बसावा इतकी, आणि दाणा काळा पडतो. म्हणून कापल्यावर दोन-तीन उन्हं दिल्याशिवाय रचायची नाही, रचताना खाली काट्या-पऱ्हाट्या टाकून हवा खेळती ठेवायची, आणि एकच मोठी बनीम न करता दोन-तीन लहान, एकमेकींपासून लांब करायच्या. कारण भावकीच्या वादात बनीम पेटवल्याच्या बातम्या दर ऑक्टोबरला येतात. कडबा जळाला तर शेजारी वैरण द्यायचे. सोयाबीन जळालं तर द्यायला कुणाकडेच काही नसतं.

मोंढ्यावरची भाषाही बदलली. ज्वारी हातात घेऊन, दाताखाली फोडून, टपोरी आहे का बघून घेतली जायची. सोयाबीन मीटरवर घेतलं जातं. ओलाव्याला व्यापारी 'हवा' म्हणतात. हवा 10 टक्के, माती 2, डागी 2, हे प्रक्रिया कारखान्यांचं माप. त्याच्यावर जितकं जाईल तितकी पट्टीत, म्हणजे विक्रीच्या पैशात कपात. हमीभावाच्या खरेदीला 12 टक्क्यांची अट असते, 2024 च्या हंगामात ती 15 पर्यंत सैल करावी लागली. घरून निघण्याआधी माल एक दिवस जास्त वाळवला तर वजन थोडं घटतं पण कपात आणि परत पाठवणी टळते. 12 च्या खाली नेणं केव्हाही फायद्याचं. दर कशाने ठरतो हे मात्र शेतकऱ्याच्या हातात नाही. सोयाबीनमध्ये तेल 18 टक्क्यांच्या आसपास, बाकीची पेंड. म्हणजे पेंड कोणता देश किती घेतो आणि खाद्यतेलावर आयात शुल्क किती आहे यावर लातूरचा भाव. ऑगस्ट 2021 मध्ये क्विंटलला 10,000 रुपयांच्या घरात दर गेला, लगेच 12 लाख टन पेंड आयातीची परवानगी आली आणि नवा माल येईपर्यंत दर निम्म्यावर आला होता. 2024-25 मध्ये हमीभाव 4,892 रुपये होता आणि खुल्या बाजारात त्याच्याही खाली विकावं लागलं.

त्याच वर्षी मालदांडी या शाळूच्या वाणाचा हमीभाव 3,421 रुपये होता. एकरी 7 क्विंटल सोयाबीनचे 34,244 आणि 6 क्विंटल ज्वारीचे 20,526. कागदावर प्रश्नच संपतो. त्यात हरभऱ्याचं दुसरं पीक मिळवलं की ज्वारीचं नावच काढायला नको. फक्त या हिशेबात कडबा शून्य रुपयांचा धरलेला असतो, शेणखत शून्य रुपयांचं, आणि घरात खाल्लेली भाकरीही शून्य रुपयांची. ज्याच्या दावणीला जनावर नाही त्याच्यापुरता तो हिशेब बरोबर आहे. ज्याने दोन म्हशी घेतल्या आणि आता वैरण शेकड्याने विकत घेतो, त्याच्यापुरता चुकलेला आहे. सोयाबीनचं भुसकट थोडं चालतं, शेळ्या खातात, पण धाटाची जागा ते घेत नाही. पाला काढणीआधीच गळून जमिनीत जातो, त्याचा जमिनीला उपयोग होतो, दावणीला होत नाही.

म्हणून बैल गेले. कोळपणीला सायकल कोळपं आलं, पेरणीला ट्रॅक्टर. पोळ्याला आता कितीतरी घरांत ट्रॅक्टर धुऊन, झुली-गोंडे बांधून ओवाळतात. ते मनापासून असतं, ज्याच्यावर शेत चालतं त्याला ओवाळायचं एवढाच त्याचा अर्थ. नक्षत्रांची जागा ॲपने घेतली, तेही स्वाभाविक आहे. पाऊस 'उत्तरा'चा की 'हस्ता'चा हे तिशीतल्या शेतकऱ्याला सांगता येत नाही, पण ई-पीक पाहणीत (पिकाच्या सरकारी ऑनलाइन नोंदीत) फोटो कसा टाकायचा आणि नुकसानीची सूचना कशी द्यायची हे त्याला पाठ असतं. दोन्ही शेतीचंच ज्ञान. पहिलं पिकाचं, दुसरं पिकाच्या नुकसानीचं, आणि या दुसऱ्याचं वजन वाढत चाललंय याची मला खरंच काळजी वाटते.

ताटातली गोष्ट सगळ्यांना दिसते. भाकरी थापता येणारी मुलगी कमी झाली असं म्हणतात, पण हाताइतकाच दोष पिठाचा असतो. शाळूचं पीठ दळून आठ-दहा दिवस झाले की त्याला विरी जाते, ते चिकट राहत नाही, कडा फाटतात. घरात पोतं असलं की आठवड्याला पायलीभर दळून आणायची सोय होती. पाच किलोचं पाकीट कधी दळलंय कोण जाणे. तसं पीठ मिळालं तर उकळत्या पाण्याने उकड काढूनच मळावं, गार पाण्याचा नाद करू नये. आंबिलीलाही हायब्रीडने चव येत नाही. शाळूचं पीठ आदल्या रात्री ताकात कालवून आंबवायचं, सकाळी ज्वारीच्या कण्या मऊ शिजवून त्यात ते ओतायचं आणि गुठळी होऊ न देता ढवळत राहायचं, गार झाल्यावर आणखी ताक, ठेचलेला लसूण, जिरं, मीठ. मातीच्या बिंदग्यात दुपारपर्यंत ती आणखी आंबते.

ज्वारी परत लावा, असं सरसकट सांगणं चुकीचं आहे. एकट्याने लावली तर नुकसान ठरलेलं. शिवारात पन्नास एकर ज्वारी असते तेव्हा पाखरांचा वाटा पन्नास एकरांत विभागला जातो. सगळीकडे हरभरा आणि मध्येच एक एकर ज्वारी असली तर चार कोसांतली पाखरं तिथेच उतरतात आणि रानडुकरांना लपायला तीच एक जागा उरते. माळा बांधून गोफण घेऊन दोन महिने बसायला आता घरात मोकळं माणूस नाही. म्हणून लावायचीच तर चार-सहा बांधकऱ्यांनी मिळून, लागून, एकाच आठवड्यात. परभणीच्या विद्यापीठाचे परभणी मोती, परभणी सुपर मोती हे वाण दाणा आणि कडबा दोन्ही देतात. हलक्या जमिनीत मालदांडीच्या फंदात पडू नये, तिला मध्यम ते भारी काळी लागते.

आणि निव्वळ सणापुरती, घरच्या बियाण्यापुरती हवी असेल तर एक गुंठाही पुरतो. गुंठ्याला 100 ग्रॅम बी. हरभऱ्याच्या रानात घरालगतची किंवा वर्दळीच्या रस्त्याची कड निवडायची, तिथे पाखरं कमी बसतात. कणसांत दूध भरायला लागलं की निवडक दोन-अडीचशे कणसांना कागदी पिशव्या बांधायच्या, प्लॅस्टिकच्या नाही, आत घाम धरून बुरशी येते. पुढच्या वर्षीच्या बियाण्याची कणसं त्यांतूनच, मधल्या ओळीतल्या सरळ, न झोपलेल्या धाटांची. ती खुंटीला टांगून ठेवायची. गुंठ्यात 40-45 किलो कडबा निघतो, म्हणजे वीस-पंचवीस पेंढ्या. शाळूची काढणी फेब्रुवारी-मार्चमधली आणि येळवस डिसेंबर-जानेवारीतली, तेव्हा कोपीच्या पाच पेंढ्या आदल्या वर्षीच्याच लागतात. त्या जनावरांच्या वैरणीत मिसळू द्यायच्या नाहीत. दोन दगडांवर आडवी लाकडं टाकून, जमिनीपासून वीतभर वर, वळचणीला उभ्या ठेवायच्या. जमिनीला टेकल्या की पहिल्याच पावसाळ्यात बुडख्याला वाळवी लागते, आणि कोप बुडख्यांवरच उभी राहते.